फडावरची सोबत : तमाशातील प्रेम, श्रम आणि हक्क

(तृतीय वर्ष कला, समाजशास्त्र)

आमच्या जुन्नर भागात चैत्र लागला की गावोगावच्या जत्रा सुरू होतात, आणि जत्रा म्हटली की तमाशा आलाच. गेल्या जत्रेत, गावाने ज्या फडाला सुपारी दिली होती त्यांच्या चहापाण्याची व्यवस्था आम्हां चार मुलांकडे आली. पाण्याची कळशी घेऊन कनातीमागे गेलो, तेव्हा एक ढोलकीवाले गृहस्थ ढोलकी चढवीत बसले होते. शेजारची बाई पायांत चाळ बांधता बांधता त्यांना रात्रीच्या वगातला एक सवाल म्हणून दाखवीत होती. मध्येच त्यांनी आपल्या पुढ्यातला चहा तिच्याकडे सरकवला आणि तिने न बघताच कप उचलला. बाहेर आल्यावर आमच्यातल्या एकाने हळूच विचारले, "नवरा-बायको असतील का रे?" पारावर बसलेले एक आजोबा हसले आणि म्हणाले, "आरं पोरा, फडात असं इचारत नसत्यात. रात्री जमतंय का न्हाय, तेवढं बघायचं."

ह्या उत्तरात मला दोन गोष्टी दिसल्या. एक समंजसपणा आणि दुसरी डोळेझाक. एकत्र काम करताना जुळलेल्या नात्याकडे आपला ग्रामीण समाज ह्या दोन्ही दृष्टींनी एकाच वेळी पाहतो. त्या नात्याला तो फार खोदून विचारीत नाही, हे चांगलेच. पण त्यातून उभ्या राहणाऱ्या हक्कांबद्दलही तो काही विचारीत नाही. प्रस्तुत लेखात ह्याच दुसऱ्या गोष्टीचा, तमाशाच्या फडाचे उदाहरण घेऊन, थोडा विचार करावयाचा आहे.

फड : एक कामाचे ठिकाण

तमाशाकडे आपण 'कला' म्हणून पाहतो किंवा 'करमणूक' म्हणून. तो अनेकांचा रोजगार आहे, ही गोष्ट सहसा ध्यानात येत नाही. ढोलकी फडाचा तमाशा आणि संगीत बारी असे त्याचे दोन ठळक प्रकार. संगीत बारीत लावणीगायन व नृत्य प्रमुख असते आणि ती बहुधा थिएटरात मुक्कामाला असते. ढोलकी फड मात्र गावोगाव फिरतो. गण, गौळण, बतावणी, लावणी आणि शेवटी वग असा त्याचा भरगच्च कार्यक्रम. दसऱ्याच्या सुमारास फड बाहेर पडतो तो वैशाखापर्यंत फिरत राहतो. मोठ्या तंबूच्या फडात कलावंत, वादक, आचारी, वाहनचालक आणि तंबू ठोकणारे गडी धरून शंभराच्या वर माणसे असतात. आमच्या जवळच्या नारायणगावात हंगामात निरनिराळ्या फडांच्या राहुट्या लागतात. गावोगावचे पंच तेथे येऊन दर ठरवतात, तारीख बांधतात आणि विसार देऊन जातात. हा व्यवहार पाहिला म्हणजे फड हा एक उद्योग आहे ह्याबद्दल शंका राहत नाही.

पण हा उद्योग कचेरीसारखा किंवा गिरणीसारखा नाही. तेथे भोंगा झाला की माणूस घरी जातो. फडात काम आणि घर ह्यांच्यामध्ये भिंतच नसते. सकाळी ट्रक नव्या गावी पोचतो, तंबू उभा राहतो, चुली पेटतात. दुपारी थोडी झोप, सायंकाळी रंगरंगोटी, रात्रभर खेळ आणि पहाटे पुन्हा बिऱ्हाड गाडीवर. सात-आठ महिने तीच माणसे, तीच गाडी, तेच अन्न. आजारपण, बाळंतपण, भांडण, समेट, सारे तेथेच. एका अर्थी फड म्हणजे चाकांवरचे गावच होय. तेव्हा माणसांचे जिव्हाळे ह्या गावातच जुळावेत, ह्यात नवल ते कोणते?

जोडी जमते कशी?

ह्या जिव्हाळ्याचा संबंध केवळ सहवासाशी नाही, तर प्रत्यक्ष कामाशी आहे, हा मुद्दा मला महत्त्वाचा वाटतो. ढोलकीवाला वाजवताना नाचणारीच्या पावलांवर नजर ठेवतो. तिचे पाऊल समेवर येणार त्याच क्षणी त्याची थाप पडली पाहिजे. क्षणभर चुकले तर हजार माणसांत दोघांचीही फजिती. तीच गोष्ट सोंगाड्याची. बतावणी परंपरेने लिहून पाठ केलेली नसते. समोरच्या प्रेक्षकांचा अंदाज घेऊन ती जागच्या जागी रचली जाते. एकाने टाकलेला शब्द दुसऱ्याने झेलायचा आणि वाढवून परत द्यायचा. सवाल-जवाबात तर एकमेकांना हरवायचेही असते आणि सांभाळायचेही असते.

अशा कामाला अंगात कसब लागते, तसाच समोरच्यावर पूर्ण विश्वास लागतो. हा विश्वास रोज रात्री कसोटीला लागतो. दोन माणसे वर्षानुवर्षे ह्या कसोटीला उतरली, तर त्यांच्यांत एक नाते तयार होते. कधी ते लग्नापर्यंत जाते, कधी लग्नाशिवायची सोबत ठरते, कधी भाऊ-बहिणीच्या मायेसारखे राहते. फडाला ह्या नात्याचा फायदाच होतो. जमलेली जोडी हे फडाचे भांडवल असते. लोक "अमक्या-तमकीची जोडी आली आहे" असे ऐकूनच गर्दी करतात.

आणि येथेच अडचणीला सुरुवात होते. भांडवल म्हटले की मालकी आली. जोडीने कमावलेले नाव आणि पैसा कोणाच्या खाती जमा होतो? जोडी फुटली किंवा दोघांतले एक गेले, तर दुसऱ्याचे काय? ह्या प्रश्नांची उत्तरे शोधण्यासाठी तमाशाच्या इतिहासातील काही प्रसिद्ध उदाहरणे पाहू.

बापूराव आणि पवळा

श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी हे वाळवा तालुक्यातील रेठरे हरणाक्ष गावचे. त्यांचा जन्म १८६६ चा. घरी कुलकर्णीपणाचे वतन. पण लावणीच्या नादाने त्यांनी घर आणि गाव दोन्ही सोडले आणि ते 'पठ्ठे बापूराव' झाले. संगमनेर तालुक्यातील हिवरगाव पावसा येथील पवळा ही महार समाजातील कलावंतीण. त्या काळी फडात स्त्रीची भूमिका बहुधा नाच्या पोऱ्या करीत असे. फडावर उभ्या राहिलेल्या आरंभीच्या स्त्रियांत पवळेचे नाव अग्रभागी घेतले जाते. बापूरावांची कवने आणि पवळेचा गळा व अदाकारी एकत्र आली, आणि ह्या जोडीने महाराष्ट्र वेडा करून सोडला. 'मिठाराणी'चा त्यांचा वग गाजला. कोल्हापूरच्या छत्रपती शाहू महाराजांसमोरही त्यांची कला सादर झाली.

ब्राह्मण कवी आणि महार कलावंतीण ह्यांचे हे सहजीवन त्या काळच्या समाजाला पचणारे नव्हते. बापूरावांवर टीका झाली, जातीने त्यांना दूर केले. ही कथा सांगताना बापूरावांनी वतन सोडले, सोवळे सोडले, जात सोडली, असा त्यांच्या त्यागाचा पाढा वाचला जातो. त्यांनी सोडले ते खरेच मोठे होते, ह्यात वाद नाही. पण पवळेने काय पणाला लावले, हे कोणी मोजल्याचे दिसत नाही. जणू ब्राह्मणाने खाली येणे हा त्याग, आणि तिला मिळाला तो मान! वस्तुतः तिच्या आवाजावाचून आणि पावलांवाचून ती कवने कागदावरच राहिली असती. कवीला गायिका हवी होती, गायिकेला कवी हवा होता. दोघांची गरज सारखी होती, पण समाजाने ठेवलेली नोंद सारखी नाही.

पुढे दोघांत बेबनाव झाला आणि पवळा फडातून बाहेर पडली. १९३९ मध्ये ती वारली. बापूरावांचे उत्तरायुष्यही विपन्नावस्थेत गेले आणि १९४५ मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले. येथे एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. शाहिरी परंपरेत कवी आपल्या कवनाच्या शेवटी स्वतःचे नाव गुंफतो. त्याला नाममुद्रा म्हणतात. बापूरावांचे नाव असे त्यांच्या लावण्यांत कायमचे राहिले आणि ते योग्यच आहे. परंतु गाणारीला, नाचणारीला नाममुद्रा नसते. तिचे काम त्या रात्रीबरोबर संपते. दोघांनी मिळून केलेल्या कामात एकाचा वाटा टिकाऊ आणि दुसरीचा वाटा नाशवंत ठरला, तो केवळ कोणाचे काम लिहून ठेवता येते एवढ्या एका गोष्टीमुळे.

फड कोणाच्या नावाचा?

दुसरे उदाहरण कांताबाई सातारकर ह्यांचे. त्यांचा जन्म १९३९ चा. तरुणपणी त्या तुकाराम खेडकर ह्यांच्या फडात आल्या. खेडकर हे त्या काळचे नामांकित तमासगीर. फडावरची ही जोडी पुढे आयुष्याचीही जोडी झाली. कांताबाईंनी केवळ नाचाची बाजू सांभाळली असे नव्हे. वगातील पुरुषांच्या भूमिकाही त्या तडफेने करीत. त्यांनी उभा केलेला शिवाजी महाराजांचा वेश जुन्या प्रेक्षकांच्या आठवणीत राहिला.

१९६४ मध्ये तुकाराम खेडकर निवर्तले. आता कांताबाईंच्या पदरी लहान मुले होती, अंगी कला होती, पण हाती फड नव्हता. फडावर वर्षानुवर्षे घाम गाळला म्हणजे फड आपला होतो असे नाही, हा धडा त्यांना फार महागात शिकावा लागला. मात्र त्या खचल्या नाहीत. दुसऱ्यांच्या फडांतून कामे करीत त्यांनी पाच वर्षे काढली आणि १९६९ मध्ये स्वतःचा फड उभा केला. पुढे त्यांचे पुत्र रघुवीर खेडकर ह्यांच्यासह त्यांनी तो नावारूपाला आणला. महाराष्ट्र शासनाने विठाबाई नारायणगावकर ह्यांच्या नावे सुरू केलेल्या जीवनगौरव पुरस्काराच्या त्या पहिल्या मानकरी. २०२१ मध्ये, करोनाच्या साथीत, त्या गेल्या.

ज्या विठाबाईंच्या नावाचा हा पुरस्कार, त्यांची गोष्ट थोडी निराळी आहे. भाऊ-बापू मांग नारायणगावकर हा त्यांच्या वडिलांचा आणि चुलत्यांचा फड, म्हणजे त्या फडातच वाढल्या. खेळ चालू असताना कनातीमागे प्रसूत होऊन त्या पुन्हा फडावर उभ्या राहिल्या, ही हकीकत महाराष्ट्रात सर्वत्र सांगितली जाते. आपण ती ऐकतो, बाईच्या जिद्दीला नमस्कार करतो आणि पुढे जातो. पण त्या रात्री खेळ थांबवण्याची मुभा तिला का नव्हती, असे विचारीत नाही. राष्ट्रपतींच्या हस्ते गौरव झालेल्या ह्या कलावंतिणीचे अखेरचे दिवस आर्थिक ओढाताणीत गेले. २००२ च्या जानेवारीत त्यांचे निधन झाले. त्यांच्या कन्या मंगला बनसोडे ह्यांनी पुढे स्वतःच्या नावाचा फड चालवला.

ह्या उदाहरणांतून एक सूत्र हाती लागते. जेथे फडाच्या पाटीवर बाईचे स्वतःचे नाव आले, तेथे तिचे श्रम तिच्या मुलाबाळांपर्यंत पोचले. जेथे ती केवळ 'जोडीतली बाई' राहिली, तेथे जोडीबरोबर तिचा आधारही संपला.

पडद्यावरचा तमाशा

आपल्यापैकी बहुतेकांनी फडावरचे प्रेम पाहिले आहे ते चित्रपटांत. 'सांगत्ये ऐका' (१९५९) ह्या चित्रपटाने पुण्यात कित्येक आठवडे गर्दी खेचली आणि तमाशापटांची लाटच आली. व्ही. शांताराम ह्यांच्या 'पिंजरा' (१९७२) मध्ये आदर्श शिक्षक तमाशातील नर्तकीच्या मोहात सापडतो आणि होत्याचे नव्हते होते. चित्रपट म्हणून त्याची ताकद मोठी आहे. पण त्याच्या मांडणीकडे पाहा. तेथे फड हे मोहाचे ठिकाण आहे आणि गाव हे नीतीचे. प्रेम होते ते बाहेरून आलेल्या प्रतिष्ठित पुरुषाशी, आणि पडझड मोजली जाते ती त्याची.

प्रत्यक्षात फडातील बहुसंख्य नाती बरोबर काम करणाऱ्यांत जुळतात. त्यांत मोह कमी आणि संसाराची चिंता जास्त असते. आनंद यादव ह्यांच्या कादंबरीवरील 'नटरंग' (२०१०) ह्या चित्रपटात गुणा आणि नयना ह्यांचे नाते फडावरच उगवते, म्हणून तो मला वास्तवाच्या अधिक जवळचा वाटतो. तरीही एकूण पाहता आपल्या प्रादेशिक संस्कृतीने फडावरील प्रेमाची गाणी भरपूर गायली आणि हिशेब मात्र केला नाही, असेच म्हणावे लागते.

मर्जी आणि उचल

आतापर्यंत आपण प्रेमाबद्दल बोललो. पण कामाच्या ठिकाणी जवळीक नेहमी खुशीचीच असते असे धरून चालणे भोळेपणाचे होईल. हंगामापूर्वी फडमालक कलावंतांना आगाऊ रक्कम देतो. तिला 'उचल' म्हणतात. मालक स्वतःही बहुधा कर्ज काढूनच ही रक्कम उभी करतो. उचल फिटेपर्यंत कलावंताला फड सोडता येत नाही. जिच्या डोक्यावर उचल आहे, तिने मालकाच्या किंवा बड्या कलावंताच्या जवळिकीला दिलेला होकार कितपत मोकळा असेल? उलट, जिची उचल स्वतःच्या नावे आहे आणि जिचा हिशेब तिच्या हाती मिळतो, तिची पसंती ही खरोखर पसंती असते. प्रेमाची कसोटी घ्यायची तर आधी हिशेबाची वही पाहावी, असे म्हटले तर ते रूक्ष वाटेल. पण ते खोटे नाही.

मुलांचा प्रश्नही असाच. कोल्हाटी समाजातील नाचणाऱ्या स्त्रियांच्या मुलांना वडिलांचे नाव मिळणे दुरापास्त होते. किशोर शांताबाई काळे ह्यांनी 'कोल्हाट्याचं पोर' (१९९४) ह्या आत्मकथनात हे दुःख मांडले आणि स्वतःच्या नावापुढे आईचे नाव अभिमानाने लावले. पुढे, १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात आईचे नाव घालणे महाराष्ट्र शासनाने शासकीय कागदपत्रांसाठी बंधनकारक केले. जे पूर्वी हिणवण्याचे कारण होते, ते आता सर्वांसाठी नियम झाले आहे.

कायद्याची आणखी दोन पावले येथे नमूद केली पाहिजेत. २००५ च्या कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायद्याने विवाहासारख्या स्वरूपाच्या सहजीवनातील स्त्रीलाही संरक्षण दिले. २०१३ च्या कायद्याने कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्ध दाद मागण्याची सोय केली. त्या कायद्यात कामाच्या ठिकाणाची व्याख्या व्यापक आहे. कामानिमित्त जावे लागते ती जागा आणि मालकाने पुरवलेले वाहनही तिच्यात येते. म्हणजे तंबूही आला आणि ट्रकही आला. दहा किंवा अधिक माणसे कामाला असतील तेथे अंतर्गत समिती हवी. एरवी जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जाता येते. पण आज नारायणगावी, उद्या सांगोल्याला, परवा आणखी कोठे, अशा भटक्या बाईने कोणत्या जिल्ह्याच्या समितीकडे जावे, आणि रात्रभर नाचून दिवसा कोणत्या वेळी जावे? कायदा फडाच्या कनातीपर्यंत आला आहे. आत नेऊन पोचवण्याचे काम अजून बाकी आहे.

समारोप

एवंच, फडावरील प्रेम ही बदनामीची गोष्ट नव्हे, तशीच ती केवळ गाण्यात गुंफण्याची गोष्टही नव्हे. ती दोन कष्टकऱ्यांची भागीदारी आहे. इतर कोणत्याही भागीदारीप्रमाणे तिलाही नाव, वाटा आणि नोंद हवी. जोडीतील दोघांची उचल स्वतंत्र नावाने असावी, जाहिरातीच्या फलकावर दोघांचीही नावे असावीत आणि फड वाढला तर मालकीत दोघांचाही हिस्सा लिहिला जावा. ह्यासाठी फार मोठी क्रांती लागत नाही. एक वही आणि दोन सह्या पुरतात.

हे सारे आपल्याला, म्हणजे कॉलेजात शिकणाऱ्या मुलामुलींना, कशासाठी? उद्या आपल्यापैकी कोणी शाळेत, कोणी बँकेत, कोणी साखर कारखान्याच्या कचेरीत काम करील. तेथेही माणसे जवळ येतील आणि आपला समाज एक तर कुजबुजेल, नाही तर डोळेझाक करील. त्या वेळी कुजबुजीत सामील न होता, "ह्यात दोघांची खुशी आहे ना? दोघांचा मान आणि दोघांची नोकरी शाबूत आहे ना?" एवढे दोन प्रश्न विचारण्याचे धैर्य आपण दाखवले, तर तमाशाच्या फडापासून आपण काही शिकलो असे होईल.

त्या रात्री वग उजाडेपर्यंत रंगला. ढोलकीची थाप आणि चाळांचा नाद एकदाही चुकला नाही. सकाळी पंचांनी ठरलेली रक्कम मोजली तेव्हा वहीवर सही करायला व्यवस्थापक एकटेच आले. ती बाई ट्रकमध्ये बसली होती, आणि ढोलकीवाले गृहस्थ तिच्या हातात चहाचा कप देत होते. पारावरच्या आजोबांचे बरोबर होते. रात्री जमले होते. पण त्या वहीत तिचे नाव आहे की नाही, हे विचारायला मी विसरलो. पुढच्या जत्रेत विचारणार आहे.